कागदावरची आई

हेनेखला धरून नेल्याला तिसरा दिवस उजाडला, आणि कालमनच्या घरात रडत होती ती एकटी हिंदा. बाकीचे एकमेकांकडे बघत होते.

शुक्रवार होता. घरात काहीही होवो, शब्बाथचा, शनिवारच्या विसाव्याचा, स्वयंपाक थांबत नाही, त्यामुळे हिंदा, तिची नणंद राइझा आणि धाकटी जाऊ दोब्रा, तिघी एकाच टेबलाभोवती उभ्या होत्या. राइझा माशाचे खवले काढत होती आणि सुरी जरा जास्तच जोरात चालवत होती. दोब्रा कांदे चिरत होती. एरवी तिने चिरलेला कांदा हिंदा न बघता उचलून माशाच्या वाटणात टाकायची. आज हिंदाने तो बाजूला सारला आणि टोपलीतून स्वतः दुसरा कांदा घेतला. दोब्राला ते दिसलं. तिला दिसावं म्हणूनच ते केलेलं होतं.

"कांद्यात मी काही कालवलंय का?" दोब्रा म्हणाली.

"मी काही म्हटलं?"

"म्हणायचं तेवढं राहिलंय."

राइझाने सुरी खाली ठेवली. कालमनची ही एकुलती एक लेक. माहेर गल्लीच्या पलीकडेच असल्याने सासरी ती फक्त झोपायला जाते, असं गावात, झाब्रोदात, सगळे म्हणत. "मी सरळ विचारते, दोब्रा. नोंदवही सांभाळणाऱ्या त्या फाल्क कारकुनाच्या घरी गेल्या महिन्यात तू किती वेळा गेलीस?"

"त्याच्या बायकोला नववा लागलाय. सुईण नाही जाणार तर कोण जाणार, वन्सं? तुम्ही?"

"पोट चोळता चोळता बोलणं होतंच की माणसांचं."

"होतं ना. तुमच्या दोन्ही बाळंतपणांत तुम्ही नवऱ्याला काय काय म्हणाला होतात, ते मी अजून कुणाला सांगितलेलं नाही."

राइझा लाल झाली. दुसरा एखादा शुक्रवार असता तर हिंदा तोंडाला पदर लावून हसली असती. आज तिने मान वर केली नाही.

हेनेख हिंदाचा तिसरा मुलगा. झारच्या फौजेला दरवर्षी आम्हा ज्यूंच्या वस्तीतून पोरं लागत, आणि ज्या घरात मुलगे जास्त त्या घरावर पहिली धाड पडे. एकुलत्या एका मुलाला मात्र सोडत. म्हणून हेनेखची सुंता झाली त्याच आठवड्यात कालमनने त्याला नोंदवहीत आपल्या धाकट्या मुलाच्या, झुस्याच्या नावावर चढवला. झुस्या आणि दोब्राला मूल नव्हतं. पुढे झुस्या खोकत खोकत गेला आणि हेनेख कागदावर एका विधवेचा एकुलता एक मुलगा झाला. याहून पक्कं कुलूप झारच्या राज्यात मिळत नाही. पोर राहायचं हिंदाकडे आणि जेवायचं दोन्हीकडे. गावाला हे ठाऊक नव्हतं असं अजिबात नाही. निम्म्या गावाने हेच केलं होतं. पण ठाऊक असणं वेगळं आणि मोठ्याने बोलणं वेगळं. अकरा वर्षांत मोठ्याने कुणी बोललं नव्हतं.

आता कुणीतरी बोललं होतं. बुधवारी फौजेसाठी पोरं धरून नेणारे पकडे आले, तेही पंचांनीच नेमलेले, आपलेच लोक, आणि त्यांच्या हातातल्या यादीत हेनेखच्या नावापुढे लिहिलेलं होतं, नोंदीतील माता खरी नव्हे. त्याला सिनेगॉगमागच्या भिकारघरात कोंडलं. रविवारी सकाळी सात पोरांना घेऊन गाडी जिल्ह्याला जाणार होती. तिथून पुढे पंचवीस वर्षांची चाकरी. गेलेल्यांतले बरेच परत येत नसत, आणि जे येत त्यांच्या गळ्यात क्रूस असे.

कुणी बोललं, या प्रश्नाभोवती घर तीन दिवस घुटमळत होतं. आणि घराला दोब्रा सोपी पडली. शरदातले सण संपल्यावर तिनेच हिंदाला विनवलं होतं, घर खायला उठतं गं, रात्रीचा तरी त्याला माझ्याकडे झोपू दे. हिंदा म्हणाली होती, कागदावर दिलाय तेवढा पुरे. मग दोब्राने जाताना दार आपटलं होतं. तेव्हा त्या दाराचं कुणाला काही वाटलं नव्हतं. आता सगळ्यांना तेच आठवत होतं.

दोब्राचाही एक संशय होता. तो राइझावर होता. राइझाला दोन मुलगे, त्यातला धाकटा नवऱ्याच्या एका बहिऱ्या चुलतभावाच्या नावावर. सातात एक कमी पडला असता तर फाल्कचं बोट पुढे कुठे सरकलं असतं? हा विचार दोब्राने मनातून दोनदा हाकलला होता. तो तिसऱ्यांदा परत आला होता.

एवढ्यात लेझर आत आला. हिंदाचा नवरा, कालमनचा थोरला. हा माणूस आठवड्यात चार वाक्यं बोलतो आणि त्यातली तीन घोड्याशी. तो दाराशीच थांबला, टोपी हातात घेऊन, आणि दोब्राच्या डोक्यावरून पलीकडे बघत म्हणाला, "दोब्रा, आज शब्बाथचं जेवण तू तुझ्या घरी जेव."

"भावजी, तुम्हालाही वाटतं का ते?"

"मला काही वाटत नाही. हिंदाला घास उतरत नाही तू समोर असलीस की."

दोब्राने सुरी धुतली, पुसली, जागेवर ठेवली. हिंदाकडे तिने एकदा पाहिलं. तिसऱ्या बाळंतपणात याच बाईने दोब्राच्या मनगटाला असा विळखा घातला होता की आठवडाभर काळंनिळं राहिलं होतं. आज ती चिरलेल्या कांद्याकडे बघत होती.

"बरं," दोब्रा म्हणाली, आणि शाल घेऊन निघाली.

ती घरी गेली नाही. सरळ फाल्ककडे गेली.

फाल्क दोन वर्षांपूर्वी बाहेरगावाहून आलेला. अशा माणसाला गाव घरात घेतं पण बसायला सांगत नाही. दोब्राने आधी त्याच्या बायकोला तपासलं. पायाळू असलेलं बाळ फिरलं होतं, डोकं खाली आलं होतं. तिने बायकोला ते सांगितलं, अंगावर पांघरूण घातलं आणि बाहेर येऊन दार ओढून घेतलं. फाल्क ओसरीत लाकडं रचत होता.

"कोण आलं होतं तुझ्याकडे, फाल्क?"

"कुणी नाही."

"माझ्या राइझा वन्सं आल्या होत्या?"

"कुणी नाही म्हटलं ना." त्याने तिच्याकडे न बघता विचारलं, "बाळ नीट आहे?"

"नीट आहे. तू सांगितलंस तरी मी येणार, नाही सांगितलंस तरी येणार. कळा लागल्या की निरोप धाड. मी काही अदलाबदल करायला आलेले नाही."

बहुधा यानेच तो ढासळला. धमकी दिली असती तर त्याने ती झेलली असती, कारकुनांना सवय असते. तो लाकडं हातात धरून उभा राहिला.

"उन्हाळा सरताना तू खेड्यावर होतीस," तो म्हणाला. "जमीनदाराच्या कारभाऱ्याकडे."

"त्याच्या सुनेचं अडलं होतं. बारा दिवस होते."

"तेव्हा हेनेखला घशाचा ताप आला."

"माहितेय. मी आले तेव्हा उठून रस्सा पीत होता."

"त्याआधी तो जवळजवळ गेला होता. त्या शब्बाथला, तोराची गुंडाळी उघडलेली असताना, वाचणाऱ्याने आजाऱ्यांची नावं घेतली. त्याने हाक दिली, हेनेख, हिंदाचा मुलगा." फाल्कने लाकडं खाली ठेवली. "मी तिसऱ्या बाकावर होतो. सगळ्यांनी आमेन म्हटलं. मीही म्हटलं."

दोब्रा लाकडांच्या ढिगावरच बसली.

एरवी माणसाला धर्मग्रंथापाशी, तोरापाशी, बोलावतात ते बापाच्या नावाने. पण आजाऱ्यासाठी प्रार्थना करायची तर नाव आईचंच घ्यावं लागतं. पोर घशात गुदमरतंय, सहा रात्री डोळ्याला डोळा नाही, आणि सिनेगॉगचा निरोप्या दारात उभा आहे, कुणाचा मुलगा सांगू? हिंदाने काय करायचं होतं? दोब्राचा मुलगा म्हणायचं? म्हणजे देवाने दोब्राचं घर शोधत जायचं, तिथे कुणी आजारी नाही असं बघून परत फिरायचं, आणि इकडे पोर मरायचं? झारला खोटं सांगता येतं. त्या घटकेला वर खोटं सांगायची हिंमत कुठल्याही आईला झाली नसती. दोब्राला ते लख्ख कळलं, आणि एक क्षण तिला हिंदाचा रागही आला, कारण कुणी विचारलं असतं तर दोब्रानेही खरं तेच नाव सांगितलं असतं.

"दोन महिने मी गप्प बसलो," फाल्क म्हणत होता. "मग वरून हुकूम आला. सात जण द्या, खोट्या नोंदी उकरून काढा, नाहीतर कारकुनालाच धाडून देऊ. माझ्याकडे साक्षीदारांसह पकडता येईल अशी ही एकच होती. मी काय करायचं होतं? पंचांचे प्रमुख म्हणून मी तुझ्या सासऱ्यांकडे गेलो."

"त्यांना हे सगळं सांगितलंस?"

"कागदावरच लिहिलं होतं. सही करण्याआधी त्यांनी दोनदा वाचलं."

शब्बाथच्या मेणबत्त्या लावायला तासभर होता. कालमन आपल्या खोलीत न्हाऊन बसला होता आणि दाढी विंचरत होता. दोब्रा आत आली आणि दार लावून त्याला पाठ टेकून उभी राहिली. विधवा सून सासऱ्यापुढे अशी उभी राहत नाही. कालमनने कंगवा थांबवला.

"मामंजी, तुम्हाला ठाऊक होतं."

त्याने काय म्हणून विचारलं नाही. "फाल्क बोलला?"

"तीन दिवस मला चोर ठरवलंय घराने."

"मी तुझ्याबद्दल एक शब्द काढलेला नाही."

"तेच म्हणतेय मी."

कालमनने सुस्कारा टाकला. "मग काय सांगायला हवं होतं? हिंदाला बसवून सांगू, की बाई, तुझ्याच तोंडाने गेला? ती विहीर जवळ करेल. तुला पेलतं, दोब्रा. या घरात ज्याला पेलतं त्याच्यावर टाकायची रीत आहे. माझ्यावरही असंच टाकलं होतं."

हे ऐकायला मायेचं होतं आणि त्याचे डोळेही ओले होते. पण दोब्रा वीस वर्षं त्या घरात होती. जोवर जावा-नणंदा एकमेकींची तोंडं हुंगत आहेत तोवर यादीखालच्या सहीकडे कुणाचं लक्ष जात नाही, हेही तिला दिसत होतं. दोन्ही खरं असेल. म्हाताऱ्यालाही आतून कोणतं जास्त खरं ते माहीत नसेल.

"सोडा त्याला," ती म्हणाली.

"आणि गावाने म्हणायचं, पंच आपलं घर झाकतात?"

"आता काय म्हणतंय गाव?"

"न्यायाने वागला म्हणतंय." हे सांगताना त्याची मान जराशी ताठ झाली, आणि दोब्राला ते सगळ्यात वाईट वाटलं. "सात भरले नाहीत तर पंचांनाच शिपाई करून नेतात. दुबनोच्या तिघा पंचांना नेलं. चौसष्ट वर्षांचा आहे मी."

"तो अकरा वर्षांचा आहे."

कालमनने पुन्हा कंगवा उचलला. त्याच जागी तो पुन्हा पुन्हा फिरवत राहिला.

"उद्या मी वाचन अडवीन," दोब्रा म्हणाली.

आमच्याकडे ही रीत फार जुनी आहे. ज्याच्यावर अन्याय झाला त्याने शब्बाथच्या सकाळी तोरा चौथऱ्यावर आली की टेबलावर हात ठेवायचा. त्याचं गाऱ्हाणं ऐकून त्याला उत्तर मिळाल्याखेरीज वाचन सुरू होत नाही. रब्बींनाही तो हात दूर करता येत नाही.

"बायकांचं काम नाही ते," कालमन म्हणाला.

"तुमच्या आईने अडवलं होतं म्हणे."

"कुंपणाच्या भांडणासाठी. लोक वर्षभर हसत होते." मग तो हळू आवाजात म्हणाला, "आणि सांगशील काय तिथे? तोरापुढे हात ठेवून म्हणशील, तो माझा आहे? खोटी शपथ घेशील? की म्हणशील, माझा नाही? मग गेलाच तो. कागदाचा उरलासुरला आधारही गेला."

दोब्राने दार उघडलं. ती गेली, आपल्या घरी एकटीने मेणबत्त्या लावल्या आणि एकटीने पाव मोडला.

शनिवारी ती बायकांच्या माळ्यावर चढली तेव्हा हिंदाच्या शेजारच्या तिच्या जागेवर राइझाने शाल पसरली होती.

"ही धरलीय," राइझा म्हणाली.

"कुणासाठी?"

"धरलीय म्हटलं ना."

दोब्रा मागे गेली. अगदी शेवटच्या रांगेत योखा बसते, लोकांच्या घरी बदकांची पिसं उपटून पोट भरणारी. तिने काही न विचारता सरकून जागा केली. तिचा नवरा कुठून तरी दुरून आलेला, नोंद होण्याआधीच मेलेला. मुलगा एकच, बेर, बारा वर्षांचा. खराखुरा एकुलता एक मुलगा गावात बहुधा एवढाच होता, आणि नेमका त्याच्याकडे कागद नव्हता. या यादीत तो कसा आला नाही याचं योखाला स्वतःलाच नवल वाटत असणार. ती श्वाससुद्धा जपून घेत होती.

खाली कपाट उघडलं. तोरा निघाली, हातोहात फिरत चौथऱ्यावर आली. दोब्रा उठली, जिना उतरली, पुरुषांच्या दारातून आत गेली आणि बाकांमधल्या वाटेने चालत राहिली. पुरुषांनी पाय आत ओढून घेतले. कुणी तिला थांबवलं नाही, कारण काय चाललंय ते कळेपर्यंत ती वर पोचली होती. तिने टेबलावर हात ठेवला.

"मी वाचन अडवते."

वाचणाऱ्याने रब्बींकडे पाहिलं. रब्बी म्हातारे होते, आणि अशा वेळी म्हातारपण फार उपयोगी पडतं. त्यांना घाई नव्हती. "अडवलंय," ते म्हणाले. "बोल, दोब्रा."

पूर्वेच्या भिंतीशी कालमन उभा होता. रात्रभर तिने दोन्ही वाक्यं म्हणून पाहिली होती, आणि कुठलं म्हणायचं ते आत्तापर्यंत तिचं ठरलं नव्हतं.

"माझं गाऱ्हाणं पंचांवर आहे," ती म्हणाली. "हेनेखला त्यांनी धरलंय. हेनेख माझा मुलगा नाही. तो हिंदाचा आणि लेझरचा. मी अकरा वर्षं खोटी आई आहे."

माळ्यावर हिंदा किंचाळली. लेझर बाकावरून अर्धवट उठला आणि तसाच राहिला. दोब्राला ठाऊक होतं तिने काय केलं ते. कागद आता तिच्याच हाताने फाटला होता.

"हे कबूल करायला वाचन अडवलंस?" रब्बींनी विचारलं.

"नाही. हे मधून काढायला आधी सांगितलं, म्हणजे पुढचं कुणाला खोटं म्हणता येणार नाही. अठरा वर्षं मी या गावची सुईण आहे. इथे बसलेल्यांच्या घरातला कुठला मुलगा कुणाच्या पोटचा, ते नोंदवहीला माहीत नाही. मला माहीत आहे."

 माणसं शेजाऱ्याकडे बघत होती, मग जमिनीकडे, आणि जो तो शेजाऱ्यापासून बोटभर सरकला. गेर्शन खाटीक उभा राहिला. त्याचा चेहरा लालबुंद झाला होता.

"चुगली करणार का आता? तोरासमोर उभं राहून?"

"मी कुणाचं नाव घेतलं, गेर्शन? तू का उठलास?"

मागे कुणीतरी हसलं आणि लगेच गप्प झालं. गेर्शन खाली बसला.

"मी नावं घेणार नाही," दोब्रा म्हणाली. "आज नाही आणि फाल्कने विचारलं तरी नाही. पण मला एवढं सांगा. खरं सांगितलं की पोर जातं, म्हणून आपण सगळेच खोटं बोललो. मग त्यातल्या एकाचं सापडलं, तर त्याने पंचवीस वर्षं भोगायची, आणि ज्यांचं सापडलं नाही त्यांनी घरी जाऊन जेवायला बसायचं? झार बाहेरचा आहे. त्याच्याकडून मी न्याय मागत नाही. पण पोराला हाताला धरून नेलं ते आपल्याच माणसांनी, आणि तीन दिवसांत कुणी ब्र काढला नाही. सगळे कुणी चुगली केली तेवढंच शोधत बसलात."

"कुणी केली?" कुणीतरी विचारलं.

"ते मी सांगणार नाही."

तिसऱ्या बाकावर फाल्कने मान खाली घातली. माळ्यावर राइझा काहीतरी पुटपुटली, आणि खाली पंच एकमेकांच्या कानाला लागले. हे बोलणं जरा लांबलं. दोब्राला त्यांचे चेहरे दिसत होते. भीती कुठून आली आहे ते त्यांनाही कळत होतं. ही बाई शब्द देते आहे की नाव घेणार नाही, पण बाईच ती, उद्या बिथरली तर? शेवटी कालमनच पुढे आला.

"शब्बाथ सुटला की हेनेखला सोडू," तो म्हणाला. "पंचांचा शब्द."

माळ्यावरून हिंदाचं रडणं आलं, या वेळी वेगळं. बाकांवर माणसं मोकळी झाली, कुणी खाकरलं, कुणी शाल सावरली. वाचणाऱ्याने तोरावरचं मखमली कापड काढायला हात पुढे केला. दोब्राचा हात टेबलावरच होता.

"आणि सातवा?" ती म्हणाली.

"ते पंच बघतील."

"कोण, मामंजी?"

 कालमनची नजर क्षणभर वर गेली, माळ्याच्या जाळीकडे, शेवटच्या रांगेच्या बाजूला. तीन दिवस दोब्राने चेहरे वाचण्यापलीकडे दुसरं काही केलं नव्हतं.

"बेर," ती म्हणाली.

वर कुठलाही आवाज झाला नाही. योखा ओरडणाऱ्यांतली नव्हतीच.  त्या पोराला दोब्रानेच पाय धरून बाहेर ओढून काढलं होतं, हेनेखच्या आदल्या हिवाळ्यात.

"खाली उतर, दोब्रा," कालमन म्हणाला. त्याचा आवाज आता घरातला राहिला नव्हता. "तुला हवं ते मिळालं. उतरली नाहीस तर दिलेला शब्द दिलाच नाही असं समज."

तेव्हा हिंदा खाली आली. जन्मात ती पुरुषांच्या बाजूला आली नव्हती; वाटेत एका बाकाला अडखळली. तिने दोब्राचा हात धरला आणि त्यावर ओठ टेकले.

"माझं चुकलं," ती म्हणाली. "मी तुझ्यावर नाही तो आळ घेतला. तुझी जागा मोकळी केलीय वर. रात्री तो तुझ्याकडे झोपेल, रोज झोपेल. चल."

दोब्रा हलली नाही. खरं सांगायचं तर बेरसाठी उभी आहे, की कालमनच्या शब्दावर विश्वास नाही म्हणून, हे तिचं तिलाच सांगता आलं नसतं. हात उचलला की वाचन सुरू होईल, वाचन संपलं की माणसं जेवायला जातील, आणि जेवून झोपलेल्या गावात रविवारी कुणाला कुठल्या गाडीत घातलं हे विचारायला कोण उठणार होतं?

"चल ना," हिंदा म्हणाली. तिची बोटं मनगटात रुतू लागली. "माझं पोर आहे ते, दोब्रा. दिलंय त्यांनी. चल."

"दोघांनाही सोडू म्हणू देत. मग येते."

हिंदा तिच्याकडे बघत राहिली. हळूहळू तिच्या चेहऱ्यावर तेच आलं जे शुक्रवारी कांदा बाजूला सारताना होतं.

"तुझ्या पोटचा असता," ती म्हणाली, "तर उतरली असतीस."

दोब्राच्या ओठांवर उत्तर होतं, फाल्कने सांगितलेलं. एका वाक्याचं, आणि खरं. ते म्हटलं असतं तर हिंदाने मनगट सोडलं असतं आणि पुन्हा कधी मान वर केली नसती. ते म्हणायची दोब्राला फार इच्छा झाली. तीन दिवसांचं सगळं त्या एका वाक्यात फिटलं असतं. तिने ते गिळलं.

"हो," ती म्हणाली. "उतरले असते."

हिंदाने हात सोडला. दोब्राने दुसराही हात टेबलावर ठेवला. वाचणाऱ्याने थोडी वाट पाहिली, मग तोरावर कापड नीट केलं आणि तो बसला. रब्बीही बसले. कालमन उभा होता आणि कुठे बघावं ते त्याला कळत नव्हतं.

 मग गेर्शन खाटीक पुन्हा उभा राहिला. या वेळी त्याचा चेहरा लाल नव्हता, पांढरा होता.

"कालमन पंच," तो म्हणाला, "तिला उत्तर द्या."